येलोस्टोनला जाण्याआधी मोजे काढा

मार्च उजाडला की माझ्या नावड्याच्या दवाखान्यात एक ठरलेला प्रश्न येऊ लागतो. "डॉक्टर, मुलाकडे अमेरिकेला चाललोय. एकदा सगळं तपासून द्या." विचारणारे बहुतेक साठीच्या पुढचे असतात. पूर्वी त्यांच्या यादीत नायगारा आणि न्यूयॉर्क असे. हल्ली येलोस्टोनचं नाव वरचेवर ऐकू येतं. गरम पाण्याचे फवारे, गवे, अस्वलं आणि मुलाच्या गाडीतून चार दिवसांची भटकंती.

मी बीपी बघत असे, ईसीजी काढत असे, रक्त-लघवी तपासून घेत असे, तीन महिन्यांची औषधं लिहून देत असे आणि "बिनधास्त जा" म्हणत असे. माझं काम तिथे संपायचं. आता ते तिथे संपत नाही. असं का, हे सांगायचं तर मला माझी एक चूक सांगावी लागेल. ती माझ्या सख्ख्या मोठ्या भावाच्या बाबतीत झाली. तुमच्या घरात कोणाला मधुमेह असेल आणि सहलीचा बेत शिजत असेल, तर कृपया शेवटपर्यंत वाचा.

दादाचा कागद

दादा माझ्याहून नऊ वर्षांनी मोठा. तळोजा एमआयडीसीतल्या एका कारखान्यात त्याने तीस वर्षं शिफ्ट केल्या. मधुमेहाला अठरा वर्षं झाली. गोळ्या वेळेवर, गोड बंद, रोज सकाळी नावडे रोड स्टेशनपर्यंत चालत जाऊन परत. "शुगर मला आहे, मी शुगरला नाही," हे त्याचं आवडतं वाक्य.

माझा पुतण्या सॉल्ट लेक सिटीला असतो. त्याने आई-बाबांसाठी चार दिवसांचा बेत आखून पाठवला आणि दादाने तो छापून माझ्या टेबलावर ठेवला. पहिल्या दिवशी पाचेक तासांचा गाडीचा प्रवास आणि संध्याकाळी ओल्ड फेथफुल. दुसऱ्या दिवशी ग्रँड प्रिझमॅटिक आणि नॉरिस. तिसऱ्या दिवशी पहाटे लामार खोऱ्यात गवे आणि लांडगे. चौथ्या दिवशी तळं बघून परत. जून महिना ठरला होता. दादाने प्रत्येक ओळीखाली पेनाने रेघ मारली होती.

मी रीतसर तपासण्या केल्या. बीपी चांगलं. ईसीजी, टू-डी इको ठीक. क्रिएटिनिन ठीक. एचबीएवनसी ७.८, म्हणजे थोडं जास्त, पण घाबरण्यासारखं नाही. मी म्हणालो, "दादा, तू आमच्यापेक्षा फिट आहेस." त्याच्या पायात नेहमीप्रमाणे मोजे आणि बूट होते. ते काढायला मी सांगितलं नाही. दुसऱ्या कोणा रुग्णाला कदाचित सांगितलं असतं. भावाला कशाला, असं वाटलं असावं.

तिथलं पाणी आणि आपल्याकडचं पाणी

येलोस्टोन हे जगातलं पहिलं राष्ट्रीय उद्यान, १ मार्च १८७२ रोजी जाहीर झालेलं. क्षेत्रफळ जवळजवळ ९,००० चौरस किलोमीटर. त्याखाली ज्वालामुखीची उष्णता अजून जिवंत आहे. त्यामुळे तिथे गरम झरे, उकळते चिखल आणि वाफेची भोकं मिळून दहा हजारांहून जास्त जागा आहेत. त्यातले पाचशेपेक्षा जास्त गीझर, म्हणजे उसळणारे फवारे आहेत. जगातले जवळजवळ निम्मे गीझर या एकाच ठिकाणी आहेत.

गीझर कसा उडतो हे स्वयंपाकघरातल्या कुकरवरून समजतं. जमिनीखालच्या अरुंद, वेड्यावाकड्या नळीत पाणी साठतं. वरच्या पाण्याच्या वजनामुळे तळाचं पाणी उकळबिंदूच्या पुढे तापूनही वाफ होऊ शकत नाही. मग वरचं थोडं पाणी बाहेर सांडतं, दाब उतरतो आणि तळाच्या पाण्याची एकदम वाफ होते. शिट्टी उडते. ओल्ड फेथफुलची ही शिट्टी साधारण दीड तासाने उडते आणि ३० ते ५५ मीटर उंच जाते.

आपल्याकडे गीझर नाहीत, पण गरम पाण्याचे झरे भरपूर आहेत. पालघरपासून राजापूरपर्यंत कोकणपट्टीत त्यांची रांगच आहे. गणेशपुरी, अकलोली, पालीजवळचं उन्हेरे, महाडजवळचं सव, दापोली तालुक्यातलं उन्हवरे, संगमेश्वराकडचं तुरळ आणि आरवली. इथे खाली ज्वालामुखी धगधगत नाही. पावसाचं पाणी भेगांतून खूप खोल जातं, तिथल्या उष्णतेने तापतं आणि दुसऱ्या भेगांतून वर येतं. वाटेत गंधक आणि क्षार घेऊन येतं, म्हणून तो वास.

दोन्हीकडच्या पाण्यात मोठा फरक आहे. येलोस्टोनच्या उंचीवर पाणी सुमारे ९३ अंश सेल्सिअसला उकळतं आणि तिथले कित्येक झरे उकळीच्या आसपासच असतात. आपल्या कुंडांत माणसं अंघोळ करतात. म्हणून आपल्याला आपलं पाणी निरुपद्रवी वाटतं. मलाही तसंच वाटलं होतं.

अकलोलीचा रविवार

बेत माझाच होता. मी दादाला म्हणालो, "अमेरिकेत गरम पाणी नुसतं लांबून बघायचं असतं. पाय बुडवायचे तर आधी आपल्या अकलोलीला चल. रंगीत तालीम होईल." जानेवारीतला रविवार. दादा, वहिनी, मी आणि माझी बायको सकाळी निघालो. शिळफाटा, भिवंडी, अंबाडी करत वज्रेश्वरीला देवीचं दर्शन घेतलं आणि तिथून जवळच तानसा नदीकाठी अकलोलीच्या कुंडांवर गेलो. दुपारी तानसा अभयारण्यात जायचं होतं. २०१४ साली तिथे रानपिंगळा दिसल्याची बातमी आल्यापासून तो आपल्यालाही दिसावा, असं दादाच्या मनात होतं.

अकलोलीला शेजारी शेजारी कुंडं आहेत आणि सगळ्यांचं पाणी सारखं गरम नसतं. वहिनींनी एका कुंडात पाय घातला आणि लगेच मागे घेतला. "अगं बाई, केवढं गरम!" त्या पलीकडच्या कुंडाकडे गेल्या. दादा मात्र त्याच कुंडाच्या काठावर बसला आणि दोन्ही पाय पाण्यात सोडून म्हणाला, "काही नाही, कोमट आहे."

मी तिथेच उभा होतो. मी हसून म्हणालो, "कारखान्यात राहून तुझी कातडी गेंड्याची झालीय." आणि मोबाइलवर फोटो काढला.

वैद्यकशास्त्रात ज्याला धोक्याचं लक्षण म्हणतात, ते माझ्या डोळ्यांसमोर घडत होतं. तेच पाणी बायकोला पोळतं आणि अठरा वर्षं मधुमेह असलेल्या नवऱ्याला कोमट लागतं. परीक्षेत हा प्रश्न आला असता तर मी पैकीच्या पैकी गुण मिळवले असते. त्या दिवशी मी विनोद केला.

दादा पंधरा मिनिटं तसाच बसला. मग पाय पुसून मोजे-बूट घालून गाडीत बसला. अंबाडीला चहासाठी थांबलो तेव्हा वहिनी म्हणाल्या, "अहो, तुमचा मोजा ओला दिसतोय. पाय नीट पुसले नाहीत का?" दादाने बूट काढला, मोजा ओढला, आणि मोज्याबरोबर कातडीचा एक पापुद्रा आला. उजव्या तळव्याच्या पुढच्या भागावर आणि तीन बोटांवर मोठाले फोड होते, त्यातला एक फुटला होता. डाव्या पायावर दोन लहान. दादा स्वतःच्या पायाकडे असा बघत राहिला की तो दुसऱ्या कोणाचा असावा. त्याने मला विचारलं, "हे कधी झालं?" त्याला काहीही दुखत नव्हतं.

हॉटेलच्या मागच्या नळाखाली आम्ही त्याचे पाय वीस मिनिटं धरून ठेवले. कोणीतरी टूथपेस्ट घेऊन आलं, कोणी हळद सुचवली. मी दोन्ही नको म्हटलं. भाजल्यावर साधं थंड वाहतं पाणी वीस मिनिटं, हाच पहिला उपचार. थोडा उशीर झाला असला तरी, तीन तासांच्या आत असेल तर तो करावा. बर्फ नाही, पेस्ट नाही, हळद नाही, तूप नाही. फोड मुद्दाम फोडायचे नाहीत. स्वच्छ, न चिकटणारं ड्रेसिंग करून डॉक्टरकडे जायचं आणि धनुर्वाताच्या इंजेक्शनचं विचारायचं. मधुमेह्याच्या पायाचा भाजलेला फोड कितीही लहान असला तरी तो घरी बरा करायचा नाही. तानसा राहिलं. गाडी परत फिरवली.

पायाला कळत का नाही

आपल्या शरीरातल्या सर्वात लांब नसा कमरेपासून पायाच्या बोटांपर्यंत जातात. वर्षानुवर्षं वाढलेली साखर या नसांना आणि त्यांना रक्त पुरवणाऱ्या बारीक वाहिन्यांना इजा करते. लांब नसेची टोकं आधी मरतात. म्हणून बधिरपणा बोटांपासून सुरू होऊन मोजा चढवल्यासारखा वर सरकतो. याला डायबेटिक न्यूरोपॅथी म्हणतात. मधुमेह असलेल्या जवळजवळ निम्म्या लोकांना आयुष्यात कधी ना कधी ती होते.

काहींना पायात मुंग्या येतात, रात्री तळव्यांची आग होते. ते निदान तक्रार घेऊन येतात. पण न्यूरोपॅथी असलेल्या बऱ्याच जणांना काहीच जाणवत नाही. काही न जाणवणं हेच त्यांचं लक्षण, आणि त्यासाठी कोणी डॉक्टरकडे जात नाही. "पाय कसे आहेत?" असं विचारलं तर ते प्रामाणिकपणे "मस्त" म्हणतात. दादाही तेच म्हणाला असता.

वेदना नको म्हणून आपण गोळ्या घेतो. पण वेदना नसेल तर काय होतं, हे कुष्ठरोगाच्या रुग्णांनी वैद्यकशास्त्राला शिकवलं. वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात काम करणाऱ्या डॉ. पॉल ब्रँड यांनी दाखवून दिलं की कुष्ठरुग्णांची बोटं रोगाने आपोआप झडत नाहीत. बधिर हातापायांना रोज होणाऱ्या, न कळणाऱ्या इजांनी ती जातात. पुढे अमेरिकेत त्यांनी हेच ज्ञान मधुमेह्यांच्या पायांसाठी वापरलं. गरम पाणी, चपलेतला खडा, मोटरसायकलचा सायलेन्सर, उन्हात तापलेली देवळाची फरशी, हिवाळ्यात शेकायला घेतलेली पिशवी. ज्याला जाणवतं तो पाय मागे घेतो. ज्याला जाणवत नाही तो तसाच ठेवतो. पाण्याचं गणित सोपं आहे. साठ अंशांचं पाणी काही सेकंदांत भाजतं, पन्नासच्या आसपासचं काही मिनिटांत. तेवढी मिनिटं पाय आत ठेवायचा असेल तर तो बधिरच असावा लागतो.

सोमवारी मी ते केलं जे आधी करायला हवं होतं. दहा ग्रॅमचा मोनोफिलामेंट नावाचा एक नायलॉनचा धागा असतो. तो तळव्यावर ठरावीक ठिकाणी टेकवायचा आणि रुग्णाने डोळे मिटून "लागलं" म्हणायचं. दादाच्या पायांवर भाजलेला भाग सोडून दहा ठिकाणी टेकवला. तो तीनदा "लागलं" म्हणाला. कंप पावणारा ट्यूनिंग फोर्क अंगठ्यावर ठेवला तर म्हणाला, "ठेवलास का?" बी-१२ही कमी निघालं. मेटफॉर्मिन अनेक वर्षं घेणाऱ्यांमध्ये ते कमी होऊ शकतं आणि नसांचं नुकसान वाढतं. वर्षाकाठी एकदा ते तपासावं, हे मी इतरांना सांगत होतो.

आठ आठवडे

पुढचे आठ आठवडे मी विसरणार नाही. एक दिवसाआड ड्रेसिंग. चालणं बंद. साखर आटोक्यात आणायला इन्सुलिन. डावा पाय लवकर भरला. उजव्या पायाची दोन बोटं भरली, करंगळी भरेना. पाचव्या आठवड्यात तिचं टोक काळं पडू लागलं. माझा सर्जन मित्र म्हणाला, "डॉपलर करून घेऊ. रक्तपुरवठा असेल तर वाट बघू. नसेल तर बोट काढावं लागेल, म्हणजे पाय वाचेल." डॉपलरचा रिपोर्ट येईपर्यंतच्या दोन रात्री मी जागा होतो. शेकडो नातेवाइकांना मी हे वाक्य समजावून सांगितलं आहे. ते ऐकताना कसं वाटतं हे मला तेव्हा कळलं.

रक्तपुरवठा पुरेसा निघाला. करंगळी वाचली, नख गेलं.

पुतण्या रोज फोन करायचा. एकदा म्हणाला, "काका, मी तिकीट रद्द करतो. बाबांना उगाच कशाला." दादा शेजारीच होता, त्याने ऐकलं. फोन ठेवल्यावर तो मला म्हणाला, "मला खरं सांग. मी आता कुठंच जायचं नाही का? घरात बसून पाय सांभाळायचे?"

त्या क्षणी "नको जाऊस" म्हणणं मला सर्वात सोपं होतं. डॉक्टर म्हणून सुरक्षित, भाऊ म्हणून तर फारच सुरक्षित. पण ते खरं नव्हतं. दादाचा पाय येलोस्टोनमुळे बधिर झाला नव्हता. तो नावड्यातही बधिरच होता, स्टेशनपर्यंत रोज चालून येत होता, आणि ते आम्हा दोघांनाही माहीत नव्हतं. आता माहीत होतं. मी म्हणालो, "जायचं. जून नाही, सप्टेंबर. आणि या वेळी बेत मी आखणार."

नव्याने आखलेला बेत

त्या बेतातल्या गोष्टी तुमच्याही उपयोगाच्या आहेत. गीझर बघायला जा किंवा ताडोबाला जा, त्या फारशा बदलत नाहीत.

सुरुवात घरच्या घरी करता येणाऱ्या तपासणीने करा. आई-बाबांना आडवं झोपवा, डोळे मिटायला सांगा. दोन्ही पायांचा अंगठा, मधलं बोट आणि करंगळी, अशा सहा बोटांच्या टोकांना तर्जनीने एक-दोन सेकंद अगदी हलका स्पर्श करा. दाबायचं नाही, गुदगुल्या करायच्या नाहीत. सहापैकी दोन किंवा अधिक ठिकाणी कळलं नाही, तर संवेदना कमी झाली आहे असं धरा आणि डॉक्टरकडे जा. इंग्लंडमधल्या इप्सविच गावाच्या नावाने ही चाचणी ओळखली जाते. साधन लागत नाही, पैसे लागत नाहीत. ती निकोप आली तरी वर्षातून एकदा डॉक्टरकडून पाय तपासून घ्या.

बूट प्रवासाच्या दोन महिने आधी घ्या आणि इथे वापरून रुळवा. नवे बूट विमानतळावर पहिल्यांदा घालायचे नाहीत. बूट संध्याकाळी विकत घ्यावेत, कारण दिवसभरात पाय थोडे सुजतात. घालण्याआधी दर वेळी आत हात फिरवून खडा, शिवण, घडी बघावी. मोजे फिक्या रंगाचे असावेत, म्हणजे रक्त किंवा पाणी लगेच दिसतं. अनवाणी कुठेही नाही, हॉटेलच्या खोलीतही नाही.

रोज रात्री तळवे बघायचे. स्वतःला दिसत नसतील तर जोडीदाराने बघायचे. आमच्याकडे वहिनींनी दोन्ही तळव्यांचा फोटो काढून मला पाठवायचा असं ठरलं. अंघोळीचं पाणी दादाने पायाने बघायचं नाही. वहिनींनी हाताने किंवा त्याने स्वतः कोपराने बघायचं. हॉटेलमधला गरम पाण्याचा टब पूर्ण बंद. आपल्याकडच्या कुंडांनाही हाच नियम. आणि पाय शाबूत असले तरी नैसर्गिक गरम पाण्यात डोकं बुडवू नका. अशा पाण्यात क्वचित एक अमीबा असतो. तो नाकावाटे मेंदूपर्यंत पोचला तर जीव वाचणं अवघड असतं.

येलोस्टोनमध्ये झऱ्यांच्या भागात लाकडी फळ्यांच्या वाटा आहेत. त्या सोडायच्या नाहीत. बाहेरची जमीन घट्ट दिसते, पण कित्येक ठिकाणी तो उकळत्या पाण्यावरचा पातळ पापुद्रा असतो. आजवर तिथे गरम झऱ्यांत भाजून वीसहून अधिक माणसं गेली आहेत. न्यूरोपॅथी असलेल्यांना आणखी एक अडचण असते. पाय नक्की कुठे टेकलाय हे कळत नाही, त्यामुळे तोल जातो, विशेषतः ओल्या फळ्यांवर आणि अंधारात. काठी लागत नसली तरी हातात असावी. दादाने आधी नाक मुरडलं, मग घेतली.

प्राण्यांच्या बाबतीत तिथले नियम आकड्यांत आहेत. गवे आणि एल्क यांच्यापासून किमान २३ मीटर. अस्वल आणि लांडग्यापासून किमान ९१ मीटर. तिथे अस्वलांपेक्षा गव्यांनी जास्त माणसांना जखमी केलं आहे. तो गवा शांत चरताना म्हशीसारखा वाटतो, पण माणसाच्या तिप्पट वेगाने धावतो. ज्याला पळता येणार नाही त्याने प्राणी गाडीतूनच बघावेत. सप्टेंबरात एल्कच्या माजाचा काळ असतो, तेव्हा नरापासून जास्तच लांब राहावं.

उंचीचा विचार करा. नावडे समुद्रसपाटीला आहे, येलोस्टोनचं तळं २,३५७ मीटरवर. तिथे हवेचा दाब आपल्यापेक्षा सुमारे पाव हिश्श्याने कमी असतो. पहिल्या दिवशी दम लागणं, डोकं दुखणं, झोप न लागणं काही जणांना होतं. हृदयविकार, दमा किंवा फुप्फुसाचा जुना आजार असेल तर आधी डॉक्टरांशी बोला. सॉल्ट लेक सिटी सुमारे १,३०० मीटरवर आहे, म्हणून आम्ही दादाला तिथे आधी आठवडाभर राहू दिलं. चार दिवसांचा बेत सहा दिवसांचा केला आणि लांब चालण्याच्या दिवसानंतर एक दिवस गाडीतल्या भटकंतीचा ठेवला. लांबच्या प्रवासात दर दोन तासांनी गाडी थांबवून पाच मिनिटं चालायचं, म्हणजे पायात रक्ताची गाठ होण्याचा धोका कमी होतो.

औषधांचं गणित वेगळं. सगळी औषधं हातातल्या बॅगेत, मूळ पाकिटात, प्रिस्क्रिप्शनसह. प्रिस्क्रिप्शनवर कंपनीच्या नावाबरोबर औषधाचं मूळ नाव हवं, कारण आपले ब्रँड तिथे कोणी ओळखत नाही. इन्सुलिन सामानाच्या बॅगेत कधीही नाही. विमानाच्या पोटात ते गोठू शकतं आणि गोठलेलं इन्सुलिन निकामी होतं. वेळेचा फरक जवळजवळ बारा तासांचा पडतो, तेव्हा कोणता डोस कधी, हे डॉक्टरांकडून कागदावर लिहून घ्या. ग्लिमेपिराइडसारखी गोळी किंवा इन्सुलिन घेणाऱ्यांनी जेवण लांबलं तर साखर उतरते हे लक्षात ठेवावं. ओल्ड फेथफुलची शिट्टी नुकतीच उडून गेली असेल तर पुढची दीड तासाने. खिशात ग्लुकोजच्या गोळ्या आणि चार बिस्किटं हवीतच.

मदत कुठे मिळेल हेही आधी बघून ठेवा. उद्यानात मॅमथला वर्षभर चालणारा दवाखाना आहे, ओल्ड फेथफुल आणि लेक इथले दवाखाने फक्त हंगामात. मोबाइलला बऱ्याच ठिकाणी रेंज नसते. प्रवासविमा घेताना मधुमेह लपवू नका. आधीपासूनचे आजार त्यात धरले आहेत का हे वाचून घ्या. आजार लपवला असेल तर नेमक्या गरजेच्या वेळी विमा नाकारला जाऊ शकतो. नोव्हेंबरच्या सुरुवातीपासून एप्रिलच्या मध्यापर्यंत तिथले बहुतेक रस्ते गाड्यांना बंद असतात, त्यामुळे तारखा त्याप्रमाणे ठरवा.

सहा रात्रींचे फोटो

सप्टेंबरात ते गेले. माझ्या मोबाइलवर रोज दुपारच्या सुमाराला, म्हणजे तिथल्या रात्री, वहिनींचा फोटो यायचा. हॉटेलच्या पांढऱ्या चादरीवर दोन तळवे. तिसऱ्या रात्री उजव्या टाचेवर लालसर ठिपका दिसला. मी फोन केला. मोज्याची घडी पडली होती. दुसऱ्या दिवशी दादा गाडीतच बसला आणि लामार खोऱ्यात दुर्बिणीतून गवे बघत राहिला. संध्याकाळच्या फोटोत ठिपका फिका झाला होता. अकलोलीला आम्ही जे पंधरा मिनिटांत घालवलं, ते एका फोटोने वाचवलं.

पुतण्याने पाठवलेल्या फोटोंत ओल्ड फेथफुल आहे, निळं-नारिंगी ग्रँड प्रिझमॅटिक आहे, धुक्यातले गवे आहेत. एका फोटोत दादा फळ्यांच्या वाटेवर काठी टेकून उभा आहे आणि मागे वाफ आहे. त्याने खाली लिहिलं होतं, "पाणी गरम आहे म्हणतात. मी विश्वास ठेवला."

माझ्या दवाखान्यात तेव्हापासून एक छोटा बदल झाला आहे. मधुमेह असलेला कोणीही तपासायला आला, मग तो अमेरिकेला चाललेला असो की पनवेलच्या बाजाराला, खुर्चीवर बसण्याआधी आमची सिस्टर त्याला मोजे काढायला सांगते. काहींना संकोच वाटतो, काही "पायाला काही नाही हो" म्हणतात. मी म्हणतो, तेच तर बघायचंय.

आज घरी गेल्यावर तुमच्या घरातल्या मधुमेह्याला डोळे मिटायला सांगा आणि सहा बोटांना हात लावून बघा. दोन मिनिटं लागतील. तिकिटं त्यानंतर काढा.